सीडरवरचे आरोप

डिसेंबर संपत आला की ऑस्टिनच्या पश्चिमेकडच्या टेकड्यांवर धूर दिसू लागतो. उत्तरेकडून कोरडा, गार वारा सुटतो, आभाळ स्वच्छ होतं आणि एखाद्या झाडातून भसकन पिवळट ढग उठतो. मग शेजारच्या झाडातून दुसरा. गावात नव्याने आलेली माणसं घाबरून अग्निशमन दलाला फोन करतात. फोनच्या पलीकडच्यांना हे दर हिवाळ्याचंच असतं. आग कुठेच नसते. उतारावरच्या नर झाडांनी आपले परागकण वाऱ्यावर सोडलेले असतात.

हे झाड म्हणजे अॅश ज्युनिपर. टेक्ससच्या या भागात त्याला सगळे सीडर म्हणतात. खरा सीडर म्हणजे आपल्या हिमालयातला देवदार आणि लेबनॉन, मोरोक्कोकडचे त्याचे भाऊबंद. त्यांच्यातलं एकही झाड उत्तर अमेरिकेत मुळातलं नाही. युरोपातून आलेल्या लोकांनी लाकडाचा वास घेतला आणि ओळखीचं नाव देऊन टाकलं. त्या नावावरून सीडर सिटी, सीडर पार्क, सीडर मेसा अशी गावं नि पठारंही झाली, आता कोण बदलणार? मीही इथल्या लोकांसारखं कधी सीडर म्हणेन, कधी ज्युनिपर.

या झाडात नर वेगळा, मादी वेगळी. मादीला हिवाळ्यात निळसर, पांढुरकी भुरी धरलेली गोल फळं लागतात. दिसायला फळं, पण वनस्पतिशास्त्राच्या हिशेबाने ते मांसल झालेले शंकू. नर झाड मात्र नोव्हेंबर-डिसेंबरात आपला हिरवा रंग सोडून तांबूस पडतं, कारण फांदीच्या प्रत्येक टोकाला परागांनी भरलेले बारीक शंकू आलेले असतात. अशा फांदीला जानेवारीत नुसता धक्का लागला तरी पुरतो. डिसेंबर ते फेब्रुवारी हा त्यांचा मोसम. इतर बऱ्याच ठिकाणी परागकणांचा त्रास वसंतात किंवा उन्हाळ्यात होतो. इथे ऐन थंडीत, खिडक्या बंद असताना, नाकाला धार लागते, डोळे चुरचुरतात, डोकं जड होतं. त्याला नाव सीडर फीवर. ताप बहुधा येत नाही, पण तापात असल्यासारखं गळून जायला होतं. गंमत म्हणजे पहिल्याच हिवाळ्यात हे सहसा होत नाही. काही मोसम हवेतून पराग आत घेतल्यावर शरीर एक दिवस ठरवतं की हा शत्रू आहे. त्यामुळे नवीन आलेली मंडळी पहिली वर्षं-दोन वर्षं मोठ्या तोऱ्यात फिरतात.

आमच्याकडे हा मोसम नेमका संक्रांतीवर येतो. हळदीकुंकवाला जमलेल्या बायकांचं पहिलं वाक्य 'तिळगूळ घ्या' हे नसतं, 'अगं, तुझं सीडर सुरू झालं का?' हे असतं. एका वर्षी एकीने वाण म्हणून टिश्यूपेपरची खोकी दिली. इतकं वापरलं गेलेलं वाण मी दुसरं पाहिलेलं नाही. आईला साताऱ्याला फोनवर सांगितलं तर ती म्हणाली, "अगं, झाडामुळे कशी सर्दी होईल? धूळ असेल. वाफ घे." ऑफिसातले अस्सल टेक्सन लोक आपल्याच गावातला मध खायला सांगतात. तो मी आनंदाने खाते, पण ज्युनिपरचे पराग वाऱ्यावर जातात. मधमाशीला त्या झाडाकडे फिरकायचं फारसं कारणच नाही, तेव्हा मधात ते येणार कुठून?

तर पहिला आरोप हा, नाकाचा. मला मात्र नंतर कळत गेलं की या झाडावरच्या आरोपपत्रात नाकाचं कलम अगदी किरकोळ आहे.

मध्य टेक्ससच्या चुनखडीच्या टेकड्यांना हिल कंट्री म्हणतात. तिथल्या कुठल्याही पशुपालकाला सीडरबद्दल विचारा, तो पाण्यापासून सुरुवात करेल. सीडर पाणी पितो, सीडरने झरे आटवले, सीडर हा परका आहे, आमच्या आजोबांच्या काळी इथे गुडघाभर गवत होतं. यातलं गवताचं खरं आहे. एकोणिसाव्या शतकात जर्मनीहून आणि पूर्वेकडच्या राज्यांतून आलेल्या लोकांनी इथे गाई, मेंढ्या आणि शेळ्या सोडल्या, जमीन पेलू शकेल त्याहून कितीतरी जास्त. गवत मुळापासून गेलं. गवत नाही म्हणून वणवे नाहीत, आणि वणवे नाहीत म्हणून पूर्वी घळींत, कड्यांवर, आग पोचत नसे अशा जागी राहणारा सीडर उघड्या माळावर उतरला. तो परका नव्हता. आपल्याच गावात एका आळीतून दुसऱ्या आळीत राहायला आला होता, तेही आधीची आळी उजाड झाल्यावर.

पाण्याचा भाग जास्त गुंतागुंतीचा आहे. डेव्हिड बॅमबर्गर नावाच्या उद्योजकाने १९६९ साली जॉन्सन सिटीजवळ अगदी भकास झालेली जमीन विकत घेतली, तिथला बराचसा सीडर काढला, देशी गवतं पेरली, आणि काही वर्षांत झरे वाहू लागले. ही गोष्ट इथे प्रत्येकाला पाठ आहे, आणि ती खरीही आहे. मात्र सांगताना लोक 'सीडर काढला' एवढंच सांगतात, 'गवत पेरलं' हे गाळतात. सीडरची दाट छत्री आणि खालचा पाचोळा मिळून वर्षाच्या पावसातला चाळीस टक्क्यांच्या आसपास वाटा जमिनीत मुरण्याआधीच अडवतात आणि तो हवेत परत जातो, असं मोजमाप झालेलं आहे. हलक्या सरीचा तर थेंबही खाली पोचत नाही. मग सीडर दोषी? पण टेक्सस ए अँड एम विद्यापीठाच्या ब्रॅडफर्ड विलकॉक्स आणि त्यांच्या सहकाऱ्याने याच टेकड्यांवरून उतरणाऱ्या नद्यांच्या जुन्या नोंदी तपासल्या, तेव्हा उलटच दिसलं. १९६० नंतर झाडोरा वाढत गेला, तरी नद्यांचा झऱ्यांवर पोसला जाणारा प्रवाह कमी झाला नाही, वाढला. जनावरं कमी झाली, उघड्या खडकावर पुन्हा काहीतरी उगवलं, त्याखाली माती धरली, पाणी मुरायला लागलं. ते 'काहीतरी' म्हणजे बऱ्याच ठिकाणी सीडरच होता. माझं मत विचाराल तर पाणी पळवल्याचा आरोप शेळ्यांवर ठेवायला हवा होता. पण शेळ्यांचे मालक असतात, सीडरला कोण वाली?

एके काळी होते, तेही सांगायला हवं. १८७४ मध्ये काटेरी तारेचं पेटंट निघालं आणि सगळ्या पश्चिमेला कुंपणाचे खांब हवे झाले. सीडरचा लाल गाभा जमिनीत पुरला तरी पिढीभर कुजत नाही, वाळवी त्याच्या नादी लागत नाही. ऑस्टिनच्या पश्चिमेकडच्या घळींत राहणारी गरीब गोरी कुटुंबं कुऱ्हाडीने सीडर तोडून खांब करत, उरलेल्याचा कोळसा पाडत. त्यांना सीडर चॉपर म्हणत, आणि गावातले लोक हा शब्द शिवीसारखा वापरत. दुसऱ्या महायुद्धानंतर लोखंडी खांब आले, धंदा बसला, आणि त्यांच्या झोपड्या होत्या त्या टेकड्यांवर आज दशलक्ष डॉलरचे बंगले आहेत. त्या बंगल्यांचे मालक आता सीडर तोडायला माणसं बोलावतात आणि त्याचे पैसे देतात.

अर्थात तोडू दिलं तर. कारण मार्चच्या सुरुवातीला मेक्सिको आणि मध्य अमेरिकेतून एक मुठीएवढा पक्षी परत येतो, सोनेरी गालांचा वार्ब्लर. या जातीचा प्रत्येक पक्षी मध्य टेक्ससमध्येच जन्मतो, जगात दुसरीकडे कुठेही नाही, आणि त्याची मादी घरटं बांधते ते जुन्या अॅश ज्युनिपरची सोललेली साल कोळ्याच्या जाळ्याने बांधून. तरण्या झाडाची साल सुटत नाही, म्हणून जुनंच झाड लागतं. १९९० साली हा पक्षी संकटग्रस्त जाहीर झाला आणि सीडर एका रात्रीत कायद्याच्या आडोशाला आला. ऑस्टिन शहराने आणि परगण्याने मिळून संरक्षित जमिनी राखल्या, केंद्र सरकारने वेगळं अभयारण्य केलं. बांधकामवाले अजून दात-ओठ खातात. मी एकदा एप्रिलमध्ये भल्या सकाळी जाऊन तो पक्षी पाहिला. झाडाच्या शेंड्यावर बसून घोगऱ्या आवाजात गात होता. आदल्या जानेवारीत ज्या रानामुळे माझे डोळे सुजले होते, त्याच रानात मी त्याच डोळ्यांना दुर्बीण लावून उभी होते.

सीडरवर खरोखरीचा खटलाही चालला आहे, थेट अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयापर्यंत. ते झाड या आमच्या ज्युनिपरचं पूर्वेकडचं भावंड, ईस्टर्न रेड सीडर. त्याच्यावर एक तांबेरा येतो. त्या बुरशीचं आयुष्य दोन घरांत वाटलेलं असतं, अर्धं सीडरवर, अर्धं सफरचंदावर. सीडरवर ती लाकडी गाठ होऊन बसते आणि वसंतातल्या पावसात त्या गाठीतून नारिंगी, लिबलिबीत शिंगं फुटतात. सीडरचं त्याने फारसं बिघडत नाही. पण तिथून उडालेले बीजाणू सफरचंदाच्या बागेत पोचले की पानं नि फळं डागाळतात. व्हर्जिनियात सफरचंद हा मोठा पैसा. १९१४ मध्ये त्या राज्याने कायदा केला की बागेजवळचे सीडर, ते कोणाचेही असोत, सरकार तोडायला लावू शकतं. मिलर नावाच्या कुटुंबाने हौसेने लावलेली झाडं तोडण्याचा हुकूम राज्याचे कीटकशास्त्रज्ञ शोएन यांनी काढला. मिलर भांडले. १९२८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने निकाल दिला की दोन मालमत्तांपैकी एक वाचवायची तर एक जाणारच, आणि जिचं मोल जनतेला अधिक ती सरकारने निवडली तर त्यात गैर काही नाही. झाडं पाडण्याचा खर्च म्हणून शंभर डॉलर मिळाले, झाडांचे काहीही नाहीत. कायद्याचे विद्यार्थी हा खटला अजून अभ्यासतात. मला त्यातलं एक खटकतं. न्यायालयाने मोल ठरवलं ते त्या वर्षीच्या बाजारभावाने. सीडरचा भाव तर दर पंचवीस वर्षांनी बदलतो. त्याच सुमाराला पेन्सिलीचे कारखाने या रेड सीडरच्या लाकडासाठी इतके हपापलेले होते की उभी झाडं पुरेनात, म्हणून ते शेतकऱ्यांकडून जुनी कुंपणं नि पडक्या झोपड्या विकत घेत आणि त्या चिरून पेन्सिली करत.

आणि निकालानंतर जेमतेम सहा वर्षांत सरकारच हे झाड लावायला निघालं. मध्यभागातल्या मैदानांत धुळीची वादळं उठत होती, शेतंच्या शेतं उडून जात होती. अध्यक्ष रूझवेल्टनी १९३४ मध्ये उत्तर डाकोटापासून टेक्ससपर्यंत वारा अडवणाऱ्या झाडांच्या रांगा लावायची योजना काढली. १९४२ पर्यंत सुमारे २२ कोटी झाडं लागली. त्यांत रेड सीडर भरपूर होता, कारण तो न घातलेल्या पाण्यावर, खडकाळ मातीत, उणे तापमानात आणि कडक उन्हातही जगतो. जगला. मग पक्ष्यांनी त्याची निळी फळं खाल्ली, तारेवर बसले, आणि कुंपणाखाली रांगेने सीडर उगवले. वणवे विझवायची शिस्त तर माणसांनी आधीच लावून घेतली होती. आज ओक्लाहोमा, कॅन्सस, नेब्रास्कातल्या गवताळ प्रदेशात त्याच झाडाच्या पसरण्याला हिरवी हिमनदी म्हणतात.

इथे मी सीडरचं वकीलपत्र सोडते. ऑस्टिनहून उत्तरेला गाडीने जाताना ओक्लाहोमात ते पाहिलं आहे. एका बाजूला अजून माळ आहे, वाऱ्याबरोबर वाकणारं उंच गवत, त्यात पन्नास जातींची रानफुलं. आणि रस्त्याच्या दुसऱ्या बाजूला गडद हिरवी भिंत, तिच्याखाली पाचोळा नि सावली, दुसरं काही नाही. माळरानावरच्या कोंबड्या, तिथले भरतासारखे पक्षी, एखादं उंच झाड दिसलं तरी त्या बाजूला फिरकत नाहीत. शिकारी पक्षी तिथूनच झडप घालतो हे त्यांना ठाऊक असतं. माळ हा रिकामा पडलेला भूखंड नव्हे, हे महाराष्ट्रात राहणाऱ्यांना सांगायला नको. आपल्याकडेही माळढोकाच्या माळावर झाडं लावून पुण्य मिळवलेले लोक आहेत. नेब्रास्कातले पशुपालक आता एकत्र येऊन ठरवून, वारा बघून, माळाला आग लावतात. शेजारी शेजाऱ्याच्या मदतीला येतो, पाण्याच्या टाक्या, पंप, फावडी घेऊन. रेड सीडर एकदा जळला की बुंध्यातून पुन्हा फुटत नाही. लहान असतानाच जाळला तर काम सोपं. मोठा झाला तर त्याच्यातल्या तेलामुळे तो असा भडकतो की विझवणारेही मागे सरतात. मी तिथली असते तर मीही फावडं घेऊन गेले असते.

पण सीडर जिथला खरा, ते हे नव्हे. त्यासाठी पश्चिमेला जावं लागतं, यूटा, अॅरिझोना, न्यू मेक्सिको.

मोअॅबजवळच्या आर्चेस राष्ट्रीय उद्यानात लोक लाल दगडांच्या कमानी बघायला येतात आणि कमानीच्या फोटोत कडेला एक वेडंवाकडं झाड येतं, त्याच्याकडे कोणी बघत नाही. तो यूटा ज्युनिपर. वर्षाला जेमतेम आठ-नऊ इंच पाऊस, उन्हाळ्यात भाजणारा दगड, हिवाळ्यात बर्फ. पुरुष-दीड पुरुष उंचीचं झाड कित्येक शतकांचं असू शकतं. त्याची पानं पानांसारखी नसतातच, बारीक खवले एकावर एक घट्ट बसलेले, वर मेणाचा थर. मुळं खडकाच्या फटींतून खोल जातात आणि आडवीही झाडाच्या उंचीच्या कितीतरी पट लांब पसरतात. फारच ओढगस्त आली की हे झाड एखाद्या फांदीचं पाणी तोडतं. ती फांदी वाळते, करडी पडते, पण गळून पडत नाही. झाड उरलेल्या भागासाठी जगतं. एकाच बुंध्यावर अर्धं मेलेलं आणि अर्धं हिरवंगार अशी झाडं तिथे पावलापावलाला आहेत.

त्याच्याबरोबर राहणारं दुसरं झाड म्हणजे पिन्यॉन, बुटका पाइन, त्याच्या चिलगोज्यासारख्या बिया खातात. पिन्यॉन आणि ज्युनिपर यांचं रान पश्चिमेत हजारो चौरस मैल पसरलं आहे. दोघांचा दुष्काळातला स्वभाव मात्र अगदी उलटा. माती सुकू लागली की पिन्यॉन पानांवरची रंध्रं लगेच मिटून घेतो. पाणी वाचतं, पण अन्न तयार होणं थांबतं. ज्युनिपर रंध्रं उघडी ठेवतो आणि सुकलेल्या मातीतूनही पाणी ओढत राहतो. एवढ्या ताणाखाली इतर झाडांच्या खोडातला पाण्याचा धागा तुटतो, मध्ये हवेचा बुडबुडा शिरतो. ज्युनिपरचं लाकूड हा ताण सोसण्यात झाडांमधल्या पहिल्या रांगेतलं आहे. २००२-०३ च्या दुष्काळात हा फरक उघड्यावर आला. चार राज्यांच्या सीमा मिळतात त्या भागात सुमारे १२,००० चौरस किलोमीटरवर पिन्यॉन मेले, उपासाने अशक्त झालेल्या झाडांना सालीतल्या भुंगेऱ्यांनी संपवलं. न्यू मेक्सिकोत लॉस अॅलामॉसजवळ जिथे बारकाईने मोजणी चालू होती तिथे नव्वद टक्क्यांहून जास्त पिन्यॉन गेले. ज्युनिपर बहुतेक उभे राहिले.

म्हणूनच २०१८ मध्ये आग्नेय यूटात ज्युनिपरचे शेंडे गंजासारखे तांबडे पडू लागले तेव्हा संशोधक चक्रावले. कीड नव्हती, रोग नव्हता. नुसता दुष्काळ होता, आणि त्यावर आजवर कधी नव्हती इतकी उष्ण हवा. त्यानंतर अॅरिझोनातही तसंच दिसलं. ज्याला पाणी न मिळण्याची सवय आहे, त्यालाही एक मर्यादा असते, आणि ती आपल्या हयातीत बघायला मिळते आहे. ही मला या सगळ्यातली सर्वांत भीतिदायक गोष्ट वाटते. नाकाचं काय, त्याला गोळी आहे.

या रानालाही माणसांनी सोडलं नव्हतं. १९५० आणि ६० च्या दशकांत सरकारी जमिनींवर गुरांसाठी गवत हवं म्हणून दोन बुलडोझर समांतर चालवत, मध्ये जहाजाच्या नांगराची साखळी. साखळी ओढत नेली की वाटेतली सगळी झाडं मुळासकट आडवी. चारशे वर्षांचं झाड आणि चार वर्षांचं रोप, साखळीला सारखंच. कित्येक ठिकाणी काही दशकांत ज्युनिपर परत आले, मग पुन्हा साखळी.

नवाहो लोकांची, म्हणजे ते स्वतःला म्हणतात त्या दिने लोकांची, या झाडाशी वेगळीच ये-जा आहे. त्यांची पारंपरिक घरं, होगन, ज्युनिपरच्या ओंडक्यांची. सालीच्या मऊ तंतूंनी पाळणे भरायचे. खारी आणि मुंग्या फळातली बी पोखरतात. तशी भोक पडलेली बी वेचून माळेत ओवतात, लहान मुलांना घालतात, वाईट स्वप्नं नि भुतंखेतं लांब राहावीत म्हणून. आणि राख. हिरवी डहाळी जाळून, राख चाळून, निळ्या मक्याच्या पिठाच्या लापशीत चिमूटभर घालतात. न्यू मेक्सिकोतल्या गॅलपच्या शनिवारच्या बाजारात एका आजींनी मला वाटीभर दिली. चव सौम्य, किंचित खारट, किंचित धुराची. मला आमच्या घरचा पापडखार आठवला, कारण काम तेच, पिठाला खार लावायचं. राखेने मक्याचा निळा रंगही खुलतो. उत्तर अॅरिझोनातल्या संशोधकांनी मोजलं तेव्हा या एक ग्रॅम राखेत साधारण एका पेला दुधाइतकं कॅल्शियम निघालं. दूध फारसं न पिणाऱ्या समाजाने ते झाडातून मिळवलं होतं. आजींना मी हे सांगितलं. त्या हसल्या आणि म्हणाल्या की अजून थोडी घे मग.

आगीचं सगळं सांगितलं, तर प्रेस्कॉटचंही सांगते. अॅरिझोनात एक ज्युनिपर आहे ज्याची साल मगरीच्या पाठीसारखी चौकोनांत फाटलेली असते, म्हणून त्याला अॅलिगेटर ज्युनिपर म्हणतात. प्रेस्कॉटजवळच्या ग्रॅनाइट माउंटनवर त्या जातीचं एक अवाढव्य झाड आहे. १८ जून २०१३ ला तिथे वणवा लागला. प्रेस्कॉटच्या ग्रॅनाइट माउंटन हॉटशॉट्स या वणवे विझवणाऱ्या पथकातल्या तरुणांनी झाडाभोवतीचं जळाऊ झुडूप साफ केलं, आग अडवायला उघड्या मातीची रेघ मारली, झाड वाचवलं. मग त्याच्यासमोर एकमेकांच्या अंगावर चढून मनोरा केला आणि फोटो काढला. ३० जूनला यार्नेल हिलच्या आगीत पथकातले १९ जण गेले. आता त्या झाडापर्यंत पायवाट आहे आणि लोक तिथे जातात. मी फोटो पाहिला आहे, झाड पाहिलेलं नाही.

उंदरांबद्दल लिहायचं राहिलं, आणि ते राहून चालणार नाही, कारण या झाडाचा जुना इतिहास त्यांनीच जपून ठेवला आहे. पश्चिमेतल्या वाळवंटात पॅकरॅट नावाचा मोठ्या डोळ्यांचा उंदीर असतो. दिसेल ते उचलून बिळात नेणं हा त्याचा छंद. काड्या, निवडुंगाचे काटे, हाडं, बाटलीची बुचं. त्या ढिगावर तो मुततो, मूत्र वाळून कडक, चकचकीत राळेसारखं होतं, आणि कोरड्या गुहेत तो ढीग हजारो वर्षं, कधी चाळीस हजारांहून जास्त वर्षं, जसाच्या तसा राहतो. १८४९ मध्ये सोन्यासाठी कॅलिफोर्नियाला निघालेल्या आणि नेवाडात उपाशी भटकणाऱ्या एका टोळीने असा ढीग मिठाई समजून खाल्ला होता. पोटात ढवळलं, मेले नाहीत.

शंभराहून जास्त वर्षांनी त्याच भागात फिलिप वेल्स आणि क्लाइव्ह जोर्गनसन हे दोन शास्त्रज्ञ एका डोंगरावर ज्युनिपर आहे का बघायला चढले. डोंगर पुरेसा उंच होता, ज्युनिपर असायला हवा होता. नव्हता. उतरताना गुहेतल्या एका जुन्या ढिगात मात्र ज्युनिपरच्या डहाळ्या खच्चून भरलेल्या दिसल्या. काळ काढला तर हिमयुगाचा. म्हणजे जिथे आज फक्त क्रिओसोटची झुडपं नि उकाडा आहे, त्या उतारांवर तेव्हा ज्युनिपरचं रान होतं, आणि हवा तापली तसं ते वर, उत्तरेकडे सरकत गेलं. १९६४ मध्ये त्यांनी हे प्रसिद्ध केलं आणि उंदरांचे ढीग वाचण्याची एक विद्याशाखाच उभी राहिली. त्यामुळे हिल कंट्रीतला पशुपालक 'हे झाड इथलं नाही' म्हणतो तेव्हा मला विचारावंसं वाटतं, कुठल्या सालचं इथलं?

स्टीफन्स वुडरॅट नावाची उंदरांची एक जात तर जवळपास ज्युनिपरवरच जगते. बाकीच्यांना विषारी वाटणारी त्या झाडातली तेलं तिला पचतात. पॅकरॅटना गाड्यांचाही मोह असतो. मोअॅबला आमची गाडी काही दिवस पायवाटेच्या तोंडाशी उभी होती. सुरू केली तर डॅशबोर्डवर सगळे दिवे लागले. गॅरेजवाल्याने बॉनेट उघडलं, एक शब्दही न बोलता हातमोजा चढवला आणि इंजिनावरून ओंजळी-ओंजळीने काढायला लागला: ज्युनिपरच्या डहाळ्या, निवडुंगाचे तुकडे, कोणाचा तरी बुटाचा बंद, चॉकलेटचा चांदीचा कागद, आणि आमच्याच वायरींचं चघळलेलं रबर. डहाळ्या अजून हिरव्या होत्या, गॅरेजभर पेन्सिलीचा वास सुटला. नवरा म्हणाला की आपण निघालो नसतो तर दहा हजार वर्षांनी कोणीतरी यावर प्रबंध लिहिला असता. गॅरेजवाल्याने वायरींचे पैसे लावले, साफसफाईचे लावले नाहीत. बिलावर कारणाच्या रकान्यात त्याने एवढंच लिहिलं होतं: उंदीर, नेहमीचे.